रविवारच्या आत काढ

रेखा, भांडण अर्धवट टाकून कोणी जातं का? फोन मी आपटला होता, हे खरं. पण असं झालं की दुसऱ्या दिवशी दुपारी तू अमरावतीत माझ्या खोलीचा जिना चढून यायचीस, दारातूनच "कूलर बंद कर वं आधी, मले माहाच आवाज आयकू येऊन नाही राहिला" म्हणायचीस आणि आपण पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचो. त्या दुपारी मी कूलर आधीच बंद करून ठेवला होता. तू आली नाहीस. तुझ्या भावाचा फोन आला.

"रविवारच्या आत तो शॉट काढ, नाही तं मीच काढीन." हे तुझं मला शेवटचं वाक्य. त्यावर मी म्हणाले होते, "काढून दाखव." इतकी वर्षं एकत्र काम करून दोन बायकांनी एकमेकींना शेवटचं बोलावं ते हे! मला अजून हसू येतं. तुझा राग येतो. हो, अजूनही येतो. तू असतीस तर आज पुन्हा भांडले असते आणि तसूभर मागे सरले नसते.

तेरवीला आलेल्या लोकांनी मला विचारलं, तुमची ओळख कशी? मी सांगितलं, अकोल्यात, लग्नाच्या शूटिंगमध्ये. तू कॅमेरा धरायचीस आणि मी कॅसेटी जोडायचे. तेव्हा मी कमळ उमलवून त्यातून नवरी बाहेर काढायचे, नवरदेव चंद्रावर बसवायचे आणि स्वतःवर फार खूश असायचे. तू एकदा माझ्या खांद्यावरून पाहिलंस आणि म्हणालीस, "त्या पोरीले कमळात काहून कोंबलं वं? थे रडून राहिली हाय. रडू दे ना तिले." मी चिडले, तुझ्याशी बोलले नाही, आणि त्यानंतर कोणाही नवरीला कमळात घातलं नाही. मला हे काम तू शिकवलंस. तसं तुझ्या तोंडावर म्हटलं असतं तर तू "जाय, चहा मांड" म्हणून उठवलं असतंस.

पुढे मोठ्या शहरांतून फिल्म करणारे लोक यायला लागले. कोणाला मेळघाट हवा असायचा, कोणाला कापूस, कोणाला मोझरीच्या आश्रमातली प्रार्थना. ते तुला गाडीत घालून न्यायचे, तुझ्याकडून उन्हातान्हात काम करून घ्यायचे, आणि फिल्मच्या शेवटी तुझं नाव येईपर्यंत हॉलमधले लोक उठून चपला शोधत असायचे. मी तणतणायचे. तू म्हणायचीस, "कॅमेऱ्याच्या मांगं बरं हाय. ऊन लागत नाही." हा तुझा विनोद मला कधीच आवडला नाही.

शूट केलेल्यात तू मला दिसायचीस ती फक्त तळहातांमधून. आपल्याकडे क्लॅपची पाटी नव्हती, म्हणून आवाज आणि चित्र जुळवायला तू प्रत्येक शॉटच्या सुरुवातीला भिंगासमोर हात आणून एक टाळी वाजवायचीस. ती टाळी कापून फेकायची हे माझं रोजचं काम. उजव्या हाताला भाजल्याची खूण, नखांत कधी हळद, कधी गाडीचं ग्रीस. तुझे हात मी तुझ्या आईपेक्षा जास्त वेळा पाहिले असतील.

मग तू स्वतःची फिल्म करायला घेतलीस. पहिलीच. विषय कोणता, तर बहिणींची सही. आपल्याकडे बाप गेला की भाऊ बहिणींना बोलावतात, पाहुणचार करतात, नवं लुगडं नेसवतात आणि रजिस्ट्री ऑफिसात नेऊन हक्कसोडपत्रावर सही घेतात. बापाच्या वावरातला, शेतीतला आपला वाटा बहीण सोडते, म्हणून माहेरचं दार उघडं राहतं. कोणी जोर करत नाही, कोणी दम देत नाही. सगळं गोडीगुलाबीनं होतं, आणि त्यातच तर सगळी गोम आहे. तू गावोगाव फिरून अशा बायका बोलत्या केल्यास. कॅमेरा पिशवीतून काढायच्या आधी त्यांच्याबरोबर भाज्या निवडल्यास, पापड लाटलेस. बाया बोलायच्या, पण जपून. "खुशीनं केली सही." "भाऊ लय चांगला हाय." सगळ्या तेच.

फक्त सुमनबाई वेगळं बोलल्या. सासर अकोल्याचं, माहेर मूर्तिजापूरजवळच्या खेड्यातलं. आखाजीला, अक्षय्य तृतीयेला, त्या माहेरी आल्या होत्या आणि भावाच्या स्वयंपाकघरात पाटावर बसून गंजात, मोठ्या पातेल्यात, आंब्याचा रस काढत होत्या. वहिनी मागच्या अंगणात होती. तू टाळी वाजवलीस आणि गप्प बसलीस. बराच वेळ नुसता रस पिळल्याचा आवाज आहे. मग त्या खाली पाहूनच बोलल्या.

"बाबा मले सांगून गेल्ते, हिरीजवळचं वावर तुहं. दादाच्या समोर सांगतलं होतं. सही कराच्या टायमाले मी दादाकडं पाहून राहिली होती. म्हटलं, एक डाव तं म्हनन, सुमे, राहू दे. वावर नसतं घेतलं मी. पन म्हनाले पायजे होतं त्यानं. नाही म्हनला."

या शेवटच्या वाक्यांना डाव्या हाताच्या दारात दिनकरभाऊ येऊन उभे राहतात. सुमनबाईंचा भाऊ. बाईंची पाठ त्यांच्याकडे आहे. पाऊल वाजलं असावं, कारण हात न थांबवता त्या म्हणतात, "अन् आंबे यंदा आंबटच निघाले." भाऊ उभेच. मग चौकटीवरचा हात काढतात आणि निघून जातात. तू कॅमेरा हलवला नाहीस. श्वाससुद्धा घेतला नसशील. मी तो शॉट पहिल्यांदा पाहिला तेव्हा खुर्चीतून उठून उभी राहिले होते.

आणि तू म्हणालीस, हा घ्यायचा नाही.

तुझा नियम मला पाठ होता. फिल्म आधी ज्यांची आहे त्यांना दाखवायची, त्यांच्या गावात, सगळ्यांच्या देखत. फिल्ममध्ये जो दिसतो त्याला हक्क. त्यानं "मला काढा" म्हटलं की काढायचं, कारण विचारायचं नाही. बाहेरून येणाऱ्यांनी लोकांना न दाखवता केलेल्या फिल्मा पाहून पाहून तू हा नियम केला होतास. गावागावांत तू तो तोंडानं सांगायचीस, म्हणून तर बाया तुझ्यासमोर बसायच्या. मी म्हणाले, मग सुमनबाईंनाच ठरवू दे. तू म्हणालीस, "गावात, भावाच्या बाजूले बसून थे कशी म्हनन, मले काढा? म्हटलं तं त्याले समजन, काय बोलली होती. नाही म्हटलं तं पडद्यावर दिसनच."

तुझाच नियम तुझ्यावर उलटला होता. त्यात तू आधीच दिनकरभाऊंना शब्द देऊन बसली होतीस की पहिला खेळ रविवारी, तुमच्या गावात. ते बिचारे इतके हरखले होते, सभामंडप झाडून घेतला, पडद्यासाठी पांढरी चादर, खिडक्यांना सतरंज्या, वर सगळ्यांना जेवण. गावभर सांगत फिरत होते, आमच्या घरचा सिनेमा येऊन राहिला.

"त्यानं ऐकलंय," मी म्हणायचे. "त्याचा चेहरा पाहा."

"नाही आयकलं. अन् आयकलं असन तं चौघांतच हाय. पडद्यावर आलं की गावात जाईन. तिचं माहेर तुटन, नीते. तुह्या एका शॉटपायी."

"माझा नाही, तिचा शॉट आहे तो. ती बोलली आहे. तू कोण तिला गप्प करणारी?"

हे वाक्य तुला लागलं. तू पिशवी उचललीस आणि जिना उतरलीस. रात्री फोनवर पुन्हा तेच झालं आणि मी फोन आपटला. पण ते वाक्य मी परत घेणार नाही.

तेरवीला तुझे थोरले भाऊ लोकांना सांगत होते, "आमची रेखा लय मोठ्या मनाची. कधी काही मांगतलं नाही तिनं." लोक माना डोलावत होते. माझ्या हातात बुंदीचा द्रोण होता, तो मी तसाच खाली ठेवला. मी तुला विचारलं होतं एकदा, मूर्तिजापूरहून परतताना, तू केलीस का गं सही? तू खिडकीबाहेर बघत म्हणालीस, "माहं सोड. उद्याचं सांग." आता मला वाटतं, सुमनबाईंचं माहेर तुटेल ही भीती तुला इतकी नेमकी ठाऊक होती ती उगाच नाही. पण विचारणार कोणाला?

तू ठरवलेला रविवार तुझ्या जाण्यात गेला. तेरवीनंतर दिनकरभाऊंचा फोन आला. "रेखाताईचा शब्द होता, बाई. येत्या रविवारी दाखवाच." मी हो म्हणाले.  शॉट फिल्ममध्येच होता. काढायला एक बटण पुरे होतं. मी दोनदा काढला आणि दोनदा परत लावला. काढला की तू जिंकायचीस आणि सुमनबाई बाकीच्या बायांसारख्या होऊन जायच्या. ठेवला की एका बाईचं माहेर माझ्या हातात. शेवटी शनिवारी लॅपटॉप पिशवीत घातला आणि अकोल्याची एसटी धरली.

सुमनबाईंनी मला आतल्या खोलीत नेलं, सुनेला दुकानात पिटाळलं आणि दाराला कडी घातली. मी काही बोलायच्या आत त्याच म्हणाल्या, "रेखाताईचा फोन आल्ता मले. जायच्या आदल्या दिवशी."

रेखा, तू मला सांगितलं नाहीस. माझ्याशी भांडून उतरलीस आणि घरी जाऊन त्यांना फोन केलास.

"काय म्हणाली?" मी विचारलं.

"म्हने, बाई, तुमी आंबे पिळताना बोलल्या थे मी काढून टाकून राहिली, तुमी घोर नोका करू. मी म्हटलं, काहून? आमची वयनी आल्ती का तवा दारात? मले पाय वाजल्यासारखा वाटला होता, मी तं वयनीच समजली.  मंग म्हने, वयनी नाही, दादा होते." त्यांनी पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. "तवापासून मले झोप नाही, बाई. मले त्याचं तोंड पाहाचं हाय."

मी शॉट लावला. त्यांनी स्वतःकडे पाहिलंच नाही. सगळा वेळ डोळे डाव्या कोपऱ्यातल्या दारावर. भाऊ आले. सुमनबाईंनी पडद्याला बोट लावलं. "मोठं होते काय थे?" मी चेहरा मोठा केला. चित्र फुटलं, तरी दिसायचं ते दिसलं. डोळे मिटून घेतलेला माणूस.

"आयकलं त्यानं," त्या म्हणाल्या. "अन् रातच्याले रसाची वाटी मलेच पहिले देल्ती." मग बराच वेळ रडल्या. मला पाठीवर हात ठेवायचाही धीर होईना.

शेवटी डोळे पुसून त्या म्हणाल्या, "राहू द्या. मी बोलली हाय तं बोलली. उद्या मी बसतो त्याच्या बाजूले."

रविवारी दुपारी सभामंडपात पाय ठेवायला जागा नव्हती. खिडक्यांवर सतरंज्या लावूनही उजेड यायचा तो येतच होता. पुढे पोरं, मग बाया, मागे खुर्च्यांवर मंडळी. दिनकरभाऊ मधोमध, कडक इस्त्रीच्या सदऱ्यात. सुमनबाई त्यांच्या बाजूला. बाईच्या जातीनं तिथं खुर्चीवर बसणं कोणाला रुचलं नाही, हे दिसत होतं. मी मागे प्रोजेक्टरच्या मशीनजवळ उभी.  तुझ्यावर मनातल्या मनात ओरडत होते की हे तुझं काम आहे, तू इथं हवीस, मी खोलीत बसून कापणारी बाई आहे.

गावातली ओळखीची माणसं पडद्यावर आली की पोरं ओरडायची. हशा व्हायचा. मग गंज आला, आंबे आले. "सुमे, राहू दे" आलं. हशा थांबला. दारात दिनकरभाऊ आले आणि सगळ्या सभामंडपानं मान वळवून खऱ्या दिनकरभाऊंकडे पाहिलं. ते उठले, बहिणीच्या गुडघ्यांना वळसा घालून बाहेर गेले. सुमनबाई हलल्या नाहीत. फिल्म शेवटपर्यंत चालली.

बाहेर दिनकरभाऊ कडुलिंबाखाली उभे होते. लोक लांबूनच जात होते. मी गेले तेव्हा सुमनबाई आधीच तिथं पोचल्या होत्या, पण दोघांत चार हाताचं अंतर होतं.

"रेखाताई म्हनत होत्या," दिनकरभाऊ माझ्याकडे पाहून म्हणाले, "जो दिसते त्याले हक्क हाय. खरं हाय ना थे?"

"खरं आहे."

"मंग मी म्हनतो, काढा."

 रेखा, इतकं भांडलो आपण, पण त्या फ्रेममध्ये दुसरा माणूस आहे आणि नियम त्याचाही आहे, हे ना तुझ्या डोक्यात आलं ना माझ्या. कारण विचारायचं नाही, हेही तूच ठरवलेलं. मी "बरं" म्हणायला तोंड उघडलं. काय करणार होते? तुझा शब्द मोडण्याची ताकद माझ्यात नव्हती.

"त्याले काढा," सुमनबाई म्हणाल्या.  "त्याचा हक्क हाय. मले ठेवा. माहा मी सोडत नाही."

दिनकरभाऊंनी तेव्हा पहिल्यांदा बहिणीकडे पाहिलं. काही बोलतील असं मला वाटलं, मनापासून वाटलं. ते सभामंडपात जेवणाच्या पंगती पाहायला गेले.

सोमवारी मी ते केलं. तुझी फ्रेम मोठी केली, इतकी की डावं दार बाहेर गेलं. तुझ्या फ्रेमला कोणी बोट लावलेलं तुला खपायचं नाही, हे माहीत असून केलं. आता तिथं फक्त सुमनबाई आहेत, थोड्या जास्त जवळ, थोड्या अस्पष्ट. "नाही म्हनला" इथं मी कापलं. ज्यासाठी मी खुर्चीतून उठले होते तो दारातला भाऊ गेला. तू जे बोलणं काढायला निघाली होतीस ते राहिलं. आपल्या दोघींपैकी कोणाचंच झालं नाही. तुला हे चाललं असतं का, हे मला कळणार नाही, आणि त्याचं दुःख मला तू गेल्याच्या दुःखाइतकंच आहे. ते वेगळं काढता येत नाही.

पण तुला सांगायचं आहे ते रविवारच्या त्या दुपारचंच. सुमनबाई जेवल्या नाहीत. "चला बाई, मले मूर्तिजापूरच्या ठेसनवर सोडा," म्हणाल्या. मी ऑटो बोलावला. माहेरवाशीण ओटी न भरता निघाली आहे, हे सगळ्या बाया ओसरीतून पाहत होत्या आणि कोणी पुढे येत नव्हतं. ऑटो सुरू झाला. तेवढ्यात वहिनी धावत आली. दिनकरभाऊंची बायको. रस काढायच्या दिवशी मागच्या अंगणात होती तीच, सबंध फिल्ममध्ये कुठेही नाही. हात पिठाचे, पदर खोचलेला, पदरात मूठभर ज्वारी आणि एक नारळ. ऑटोत वाकून तिनं घाईघाईनं ओटी भरली. कुंकू नव्हतं, म्हणून नुसतंच कपाळाला बोट टेकवलं.

"येजा, बाई. दिवाईले येजा," ती म्हणाली. मग मागे वळून सभामंडपाकडे पाहिलं आणि आवाज एकदम खाली आणला. "मीबी केली हाय सही, माह्या भावाईले. मले कोनी इचारलं नाही."

ऑटोवाल्यानं गियर टाकला. ती रस्त्याच्या कडेला उभी होती, अजून बोलायचं होतं तिला, तोंड अर्धं उघडं होतं. मी पिशवीत हात घातला. पिशवीत लॅपटॉप होता, वायरी होत्या. कॅमेरा नव्हता, आणि रेखा, तूही नव्हतीस.